कटनंतरची पावणेचार मिनिटं

भूपेंद्र महाजनच्या तळपायाची आग मस्तकात गेली, ती एका फोटोमुळे. रविवारच्या पुरवणीत अख्खं पान आलं होतं. मधोमध नवल देसले, पांढरा कुर्ता, गळ्यात गमछा, मागे सातपुडा आणि डोळ्याला कॅमेरा. कॅमेरा भूपेंद्रचा होता. शूटिंगच्या तिसऱ्या दिवशी नवलने तो फोटो काढण्यापुरता मागून घेतला होता, आणि लेन्सचं झाकणसुद्धा काढलं नव्हतं. झाकण लावलेल्या लेन्समधून सातपुडा बघणारा हा गडी, आणि खाली ठळक अक्षरांत लिहिलेलं, 'खान्देशच्या मातीतला डोळा'.

सारिकाने चहा आणून कॉम्प्युटरशेजारी ठेवला. पिंप्राळ्यातल्या त्यांच्या दोन खोल्यांपैकी पुढची खोली म्हणजे भूपेंद्रचं एडिटिंगचं दुकान. पडद्यावर कुण्या एरंडोलच्या नवरीची हळद अर्धी कापून थांबली होती.

"तुमचं नाव कुठं आहे यात?" तिने पानावर बोट फिरवत विचारलं.

नाव नव्हतं. भूपेंद्रने ते पान दोनदा वाचलं होतं, चौकटीतल्या बारीक मजकुरासकट. लेखकाचं होतं, संगीतकाराचं होतं, नवलला लहानपणी गोष्टी सांगणाऱ्या आजोबांचंही होतं. ज्याने तेवीस दिवस ते पिक्चर स्वतःच्या डोळ्याने पाहिलं, त्याचं तेवढं नव्हतं. पण नाव नसण्याची त्याला सवय होती. चौदा वर्षांत त्याने अकरा पिक्चर केले होते. त्यातले चार कधी पुरेच झाले नाहीत, तीन दिग्दर्शकांच्या नातेवाईकांनीच पाहिले, एकाचा दिग्दर्शक मधेच राजकारणात गेला. या सगळ्यांसाठी भूपेंद्रने मांडवाच्या पांढऱ्या कापडातून ऊन गाळलं होतं, घरची परात उन्हात धरून नायिकेच्या तोंडावर उजेड पाडला होता आणि दर हंगामात लग्नांची शूटिंगं करून घर चालवलं होतं. नवलच्या पिक्चरच्या शेवटी जी नावं सरकतात, त्यात त्याचं नाव येतं, चहा-नाश्ता पुरवणाऱ्याच्या खाली. ते त्याने गिळलं होतं.

गिळता आलं नाही ते वेगळंच होतं. पानाच्या तिसऱ्या रकान्यात नवल म्हणत होता, 'त्या पावणेचार मिनिटांच्या शॉटसाठी मी मोगराबाईंची चार दिवस तालीम घेतली. पाचव्या दिवशी सांगितलं, आता कॅमेऱ्याकडे बघा. कॅमेरा म्हणजे समाज.'

"खोटारडा," भूपेंद्र म्हणाला. पेपर त्याने हळदीच्या नवरीवर आपटला.

आता तो शॉट काय होता ते सांगायला हवं, कारण त्या एका शॉटवर हे सगळं पिक्चर उभं होतं. गोष्ट साधी होती. सातपुड्याच्या पायथ्याशी एका पाड्यावर एक म्हातारी राहते, मुलगा गुजरातेत कामाला गेलेला, आणि तो तिकडेच मेल्याची बातमी येते. शेवटी म्हातारी दाराशी बसते आणि बोलते. ती पावरीत, पाड्यावरच्या पावरा लोकांच्या बोलीत बोलते, खाली मराठीत अक्षरं उमटतात. भेगाळलेल्या कुडाच्या भिंतीवर फाल्गुनातलं तिरपं ऊन, भिंतीच्या रंगाचाच तिचा चेहरा, आणि ती थेट बघणाऱ्याच्या डोळ्यांत बघते. परदेशात म्हणे लोक तो शॉट संपल्यावर उभे राहिले. कुणीतरी लिहिलं, की ती बाई आपल्या सगळ्यांना जाब विचारते.

आणि खरं काय झालं होतं? त्या दिवशी साडेचार वाजता नवलने टेक घेतला. मोगराबाईने, म्हणजे चोपड्याच्या पुढच्या त्या पाड्यावरच्या खऱ्याखुऱ्या बाईने, सांगितलेलं वाक्य दगड टाकावा तसं टाकलं. नवल म्हणाला, "कट." मग म्हणाला, "हिच्याच्यानं व्हत नई," आणि चहा प्यायला निघून गेला. साउंडवाला मुलगा माइक तसाच ठेवून त्याच्या मागे गेला. भूपेंद्र थांबला. त्याचं शिक्षण कुठल्या इन्स्टिट्यूटमध्ये झालेलं नव्हतं, जळगावच्या धनसिंगभाऊंच्या फोटो स्टुडिओत झालं होतं. धनसिंगभाऊंनी पहिल्याच लग्नात बजावलं होतं, की पाठवणीला नवरीची आई रडून मोकळी होईस्तोवर कॅमेरा बंद करायचा नाही, बाकी सगळे जेवायला गेले तरी. ती सवय बोटांत मुरली होती. नवल गेला, कॅमेरा चालू राहिला, आणि मोगराबाईने मान वर केली. मग ती पावणेचार मिनिटं बोलली. भूपेंद्र एक डोळा मिटून, श्वास रोखून, फोकस सांभाळत राहिला. असा शॉट आयुष्यात एकदा मिळतो हे त्याला त्याच वेळी कळलं होतं.

तालीम कसली आणि समाज कसला. नवल तेव्हा चहात खारी बुडवत होता.

भूपेंद्रने फोन लावला.

"भाऊ, वाचं का?" नवल खुशीत होता. "पुढच्या रविवारी धुळ्याला शो शे, देवपुरात, कॉलेजच्या हॉलमधी. तुले येनंच शे. मुंबईचे निर्माते येऊ राहिनात. पुढचं पिक्चर त्यांच्याकडे आहे, मोठं आहे."

"तू चार दिवस तालीम घेतली?"

पलीकडून नवल हसला. "कसाले इतला तापी राहिना भाऊ? पेपरवाल्यांना काहीतरी सांगावं लागतं."

"तू कट म्हणाला होतास, नवल. तो शॉट माझा आहे."

"अरे, ते काय सांगायची गोष्ट आहे? दिग्दर्शक चहा प्यायला गेला आणि मागे कॅमेरा चालू राहिला, हे ऐकून कोण पैसे लावेल? तू शांत राहा. पुढच्या पिक्चरला मी तुझं नाव सुचवतो."

"मला सुचवतो? तू?"

"बघू म्हणजे," नवल म्हणाला आणि कुणाचा तरी दुसरा फोन येतोय सांगून त्याने कापला.

आयत्या पिठावर रेघोट्या ओढणारी माणसं भूपेंद्रने पुष्कळ पाहिली होती. पण हा तर पीठ दळणाऱ्यालाच रेघोट्यांचं कौतुक करायला बोलवत होता. त्या आठवड्यात त्याने सारिकाला तीच गोष्ट सात वेळा सांगितली. चाळिशी उलटली, पाठ दुखते, अजून किती वर्षं लग्नातल्या मामांना नाचताना शूट करायचं? हा एक शॉट आपला आहे एवढं त्या मुंबईच्या माणसासमोर सिद्ध झालं, तर उरलेलं आयुष्य वेगळं जाईल. नाही झालं तर हळद, मेहंदी, मंगलाष्टकं. एवढा साधा हिशोब होता त्याचा.

"पण सिद्ध कसं करणार? नवल म्हणेल तालीम घेतली, तुम्ही म्हणाल नाही घेतली," सारिका म्हणाली.

"साक्षीदार आणतो."

"कोण?"

"मोगराबाई. तिला माहीत आहे ना, कट म्हटल्यावर तो उठून गेला ते. स्टेजवर उभी करतो आणि सांगायला लावतो."

नवलने पाड्यावरच्या कुणालाच बोलावलं नव्हतं. ज्या बाईच्या चेहऱ्याच्या जोरावर त्याचं नाव झालं, तिला त्याने ते पिक्चर अजून दाखवलंही नव्हतं. याचाही भूपेंद्रला राग होताच, आणि आता तो राग उपयोगी पडणार होता. सारिकाला ते पटलं नाही. "बघा बुवा, हात दाखवून अवलक्षण करून घ्याल. ती त्या शॉटमधे काय बोलली ते तरी तुम्हाला माहीत आहे का?"

"खाली लिहिलेलं येतं की," भूपेंद्र म्हणाला.

पुढच्या रविवारी पहाटे पाचला त्याने आपली जुनी व्हॅन काढली. तापी ओलांडून चोपडा, तिथून पुढे डोंगराच्या कडेने कच्चा रस्ता. पाड्यावर पोचला तेव्हा ऊन नुकतं कुडांवर उतरत होतं. मोगराबाईचं घर त्याला लांबून ओळखताच आलं नाही. ती भिंत गुळगुळीत सारवलेली होती. एक भेग नाही, एक सावली नाही. भिंत वाया गेली, असं त्याच्या मनात आलं. हो, हेच आलं. कॅमेरामनची जातच तशी.

त्या भिंतीसाठीच तर त्याने हे घर निवडलं होतं. पाड्यावरची तीस घरं पाहून ही एकच पश्चिमेकडे तोंड केलेली, जुनी, भेगाळलेली भिंत त्याला सापडली होती. पहिल्याच दिवशी त्याने मोगराबाईला गावातल्या एका माणसाकरवी समजावलं होतं, की शूटिंग संपेस्तोवर भिंतीला हात लावायचा नाही. शेण नाही, माती नाही, काही नाही. आज जशी दिसते तशीच शेवटच्या दिवशी दिसली पाहिजे, नाहीतर पडद्यावर गोंधळ होतो. बाईने मान हलवली होती. मग पुण्याच्या नटाच्या तारखा चुकल्या, काम लांबलं, मधे होळी आली. युनिट चार दिवस घरी गेलं. भूपेंद्रने पाड्यावर फोन करून पुन्हा निरोप ठेवला होता, भिंत तशीच ठेवा. परत आले तेव्हा भिंत जशीच्या तशी होती. किती शहाणी बाई, असं तो तेव्हा सारिकाला फोनवर म्हणाला होता.

दारात पंचविशीतला एक उंच तरुण दात घासत होता. तो पुन्या, मोगराबाईचा मुलगा. शूटिंगच्या बहुतेक दिवसांत तो गुजरातेत ऊसतोडीला होता, त्यामुळे भूपेंद्रने त्याला एकदाच, शेवटी शेवटी, पाहिलं होतं. आश्रमशाळेत आठवीपर्यंत शिकलेला. भूपेंद्रने त्याला सगळं सांगितलं. पिक्चर, धुळ्याचा शो, नवलचा खोटेपणा.

"अक्कांनी फक्त खरं सांगायचं. त्या शॉटच्या वेळी काय झालं ते. तू मराठीत सांग, बस."

मोगराबाई आतून आली. भूपेंद्रकडे तिने बराच वेळ पाहिलं. मुलाशी काही बोलली.

"येते म्हणते," पुन्या म्हणाला. "तिले देखनं शे, तुम्ही काय करेल शे ते."

वाटेत तापी पुन्हा लागली, मग अमळनेर, मग धुळ्याचा रस्ता. मोगराबाई मागच्या सीटवर लग्नाच्या लाइटांच्या स्टँडांमध्ये ताठ बसली होती. भूपेंद्र गाडी चालवता चालवता मनातल्या मनात भाषण घोटत होता. आधी सगळ्यांना नमस्कार. मग एक साधा प्रश्न, नवल, कट कोण म्हणालं? त्या प्रश्नानंतर नवलचं तोंड कसं होईल याचं चित्र त्याने अमळनेरपासून धुळ्यापर्यंत वेगवेगळ्या अँगलने लावून पाहिलं.

हॉल भरलेला होता. नवलने माय-लेकाला दारात पाहिलं आणि क्षणभर त्याचा चेहरा उतरला. पण तो मुरलेला होता. पुढे येऊन त्याने मोगराबाईच्या पायाला हात लावला, फोटोवाल्याकडे बघून. "बठ्ठा लोके उनात, मनं मन भरी उनं," सगळे आले म्हणून मन भरून आल्यासारखा तो मोठ्याने म्हणाला. भूपेंद्रच्या कानाशी येऊन मात्र हळूच म्हणाला, "हिला कशाला आणलं?"

"तुझी हिरॉइन आहे ना? तालीम घेतली होतीस चार दिवस," भूपेंद्र म्हणाला.

पिक्चर सुरू झालं. भूपेंद्रला ते पाठ होतं, तो मोगराबाईकडे बघत होता. तिने सगळं शांतपणे पाहिलं. आपलं घर, शेजारणीच्या कोंबड्या, पुण्याच्या नटाने धरलेला उलटा कोयता. पुन्या मधेमधे हसला. मग तो शॉट आला.

पडद्यावरची मोगराबाई मान वर करून बोलू लागली आणि खाली अक्षरं उमटली. 'लेकरा, तू गेलास. ही भिंत बघ, तुझ्या वाटेकडे बघून भेगाळली. आता होळी कसली नि ढोल कसला? माझं लेकरू गेलं, माझं लेकरू गेलं.' हॉलमध्ये कुठेतरी एक बाई हुंदका देऊन रडली, मग दुसरी. पहिल्या रांगेतल्या मुंबईच्या निर्मात्यांनी चष्मा काढला. भूपेंद्रचा ऊर भरून आला. काय उजेड होता तो, आणि काय फोकस.

शेजारी पुन्याचं हसू गेलं होतं. तो ओठ हलवत अक्षरं वाचत होता. आईने त्याला कोपराने ढोसलं आणि काही विचारलं. त्याने खाली मान घालून सांगितलं. मोगराबाईने पडद्याकडे पाहिलं, मग रडणाऱ्या लोकांकडे, आणि मग वळून भूपेंद्रकडे. हे बघणं भूपेंद्रने कॅमेऱ्यातून पाहिलेलं होतं. कॅमेऱ्याशिवाय पहिल्यांदाच पाहत होता.

पण त्याच्या डोक्यात भाषण होतं. दिवे लागले, टाळ्या झाल्या, नवल स्टेजवर गेला. एका निवृत्त प्राध्यापकांनी विचारलं, अशिक्षित बाईकडून असा अभिनय तुम्ही कसा काढून घेतलात? नवलने माइक जवळ घेतला. "चार दिवस तालीम," तो म्हणाला. "पाचव्या दिवशी मी म्हटलं..."

"थांब," भूपेंद्र उठून उभा राहिला.

आवाज त्याला हवा होता त्याहून मोठा निघाला. लोक वळून बघायला लागले. नमस्कार वगैरे राहूनच गेला. "मी भूपेंद्र महाजन, पिंप्राळा, जळगाव. हे पिक्चर मी शूट केलंय. हा माणूस त्या शॉटच्या वेळी तिथे नव्हता. तो कट म्हणून चहा प्यायला गेला होता. तालीम नाही, काही नाही. चौदा वर्षं मी लोकांचे पिक्चर काढतो आणि नाव दुसऱ्याचं लागतं. दरवेळी गप्प बसलो. आज नाही बसणार. तो शॉट माझा आहे, आणि ज्यांच्या समोर तो घेतला त्या मोगराबाई इथे बसल्यात. त्यांनाच विचारा."

हॉलमध्ये कुजबुज सुरू झाली. नवल पांढरा पडला होता. संयोजकांपैकी कुणीतरी माइक पुन्याच्या हातात दिला. पुन्याने आईला विचारलं. मोगराबाई उठली. तिला माइकची गरज नव्हती. ती सरळ भूपेंद्रकडे तोंड करून बोलू लागली, हळू, न थांबता, आणि ऐकता ऐकता भूपेंद्रच्या अंगावर काटा आला, कारण ते शब्द त्याला न कळताही पाठ होते. एडिटिंगच्या वेळी त्याने ते पन्नास वेळा ऐकले होते. ती तेच बोलत होती.

"आई म्हणते," पुन्याने सुरुवात केली. आश्रमशाळेतलं स्वच्छ मराठी. "आई म्हणते, खाली लिहिलेलं खोटं आहे. ती त्या दिवशी जे बोलली तेच आता पुन्हा बोलली. सांगू का?"

कुणी नाही म्हणालं नाही.

"ती म्हणते, एक डोळा मिटून बसणाऱ्या, तुला सांगते. तू म्हणालास भिंतीला हात लावू नको. मी शब्द दिला, म्हणून नाही लावला. होळी आली. आमच्या पाड्यावर होळीला ज्या घराची भिंत सारवलेली नसते, त्या घरात सुतक असतं. शेजारणी म्हणाल्या, सारव. मी म्हटलं, शब्द दिलाय. माझा भाऊ ढोल घेऊन आला. त्याने लांबून भिंत पाहिली आणि गळ्यातला ढोल काढून खाली ठेवला. विचारलं, कोण गेलं? पुन्या गेला का? माझी भावजय रस्त्यातच बसून रडायला लागली. पुन्याचा फोन दोन दिवस लागत नव्हता. मग मलाही वाटलं, गेला असेल. मलाच कुणी सांगितलं नसेल. चूल पेटवली नाही. दीड दिवस मी माझ्या जिवंत पोराचं सुतक धरलं."

मग पुन्या स्वतःचं सांगू लागला. "मी दीड दिवसाने आलो. फोन पाण्यात पडला होता. मी आलो तेव्हा घरात रडारड चालू होती, माझीच. मामाने मला हात लावून बघितलं."

मोगराबाईने शेवटचं एक वाक्य पुन्हा म्हटलं, आणि या वेळी बोट भूपेंद्रकडे केलं.

"ती म्हणते, तू परत आलास आणि पहिल्यांदा भिंत बघितलीस. म्हणालास, छान. माझ्याकडे बघितलंस ते यंत्रातून. तुझ्या घरी कोण मेलंय ते मला दाखव, मग मी तुझ्या भिंतीकडे बघून छान म्हणते."

मघाशी रडलेल्या बायका आता कुठे बघावं या विचारात होत्या. भूपेंद्र उभाच होता. बसावं हे त्याला सुचलं नाही. भिंत, परात, तिरपं ऊन, फोकस, सगळं त्याच्या डोळ्यांसमोरून गेलं, आणि त्या सगळ्याच्या मधे बसलेली एक बाई, जी पावणेचार मिनिटं त्याच्या तोंडावर त्याला बोलत होती आणि तो म्हणत होता, वा.

पहिला सावरला तो नवल. अशा वेळी असली माणसंच आधी सावरतात.

"मित्रहो," तो म्हणाला, आणि त्याच्या आवाजात खरोखरचं दुःख होतं, "मोगराबाईंची मी हात जोडून माफी मागतो. पण आज सत्य बाहेर आलंच आहे, तर मीही प्रांजळपणे सांगतो. भूपेंद्रभाऊ म्हणाले ते अक्षरशः खरं आहे. मी कट म्हटलं होतं. मी तिथे नव्हतो. ती भिंत निवडली भूपेंद्रभाऊंनी. तिला हात लावू नका हा निर्णय त्यांचा. होळीच्या सुट्टीत फोन केला तो त्यांनी. तो शॉट पहिल्या भेगेपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत एकट्या भूपेंद्र महाजनांचा आहे. माझा त्यात काही हात नाही."

खालची खोटी अक्षरं कुणी लिहिली हे विचारायला भूपेंद्रने तोंड उघडलं. पण प्राध्यापकांनी मान हलवत टाळी वाजवली, प्रांजळपणाबद्दल, आणि तिच्या मागोमाग हॉल वाजायला लागला. चौदा वर्षं ज्या वाक्याची त्याने वाट पाहिली, ते वाक्य त्याला भर सभेत, माइकवरून, पूर्ण नावानिशी मिळालं होतं. राग तर आला होता, पण तो कुणावर काढावा हे कळत नव्हतं. नवलवर काढावा तर नवल आत्ता एकही शब्द खोटा बोलला नव्हता.

बाहेर व्हरांड्यात मुंबईच्या निर्मात्यांनी त्याला गाठलं. गर्दीतून वाट काढत ते आले आणि त्याचा हात दोन्ही हातांत धरला. "तर तो शॉट तुमचा," ते हळू आवाजात म्हणाले. "जे झालं ते वाईट झालं. पण काय शॉट आहे हो. खाली काय लिहिलंय, काय नाही, ते आपण बदलून घेऊ. खरं लिहिलं तर उलट जास्तच चालेल. पुढच्या महिन्यात मुंबईला या, माझ्याकडे एक काम आहे." त्यांनी कार्ड दिलं. भूपेंद्रने ते घेतलं. नाही म्हणायला हवं होतं का, हा विचार कार्ड खिशात गेल्यावर आला.

माय-लेक फाटकाजवळच्या निंबाखाली उभे होते. भूपेंद्र त्यांच्याकडे गेला. काय बोलायचं हे त्याने ठरवलेलं नव्हतं. "चला, सोडतो तुम्हाला पाड्यावर," एवढंच निघालं.

"आम्ही एस्टीनं जातो," पुन्या म्हणाला. मग त्याने सरळ विचारलं, "शॉट तुमचाच शे ना, भाऊ?"

"हो."

"मग काढी टाका. ते पिक्चर जठे जाई, तठे मी मरसू. आईनं दीड दिवस सोसलं, बस झालं. तुम्ही बठ्ठासमोर सांगं ना, तुमचा शे म्हणून. तुमचा शे तर काढा."

मोगराबाई भूपेंद्रच्या तोंडाकडे बघत होती. भाषा कळत नसली तरी मुलाने काय मागितलं हे तिला ठाऊक असावं. भूपेंद्रचा हात खिशावर गेला. आत कार्डाची कड लागली. पहाटेपासून जो माणूस या शॉटसाठी भांडत होता, तो भांडणारा माणूस त्याला आता कुठे सापडेना. त्याच्या तोंडून जे आलं ते अगदी शांतपणे आलं, आणि तो शांतपणा ऐकून त्याला स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटली.

"ते माझ्या हातात नाही रे, पुन्या," तो म्हणाला. "पिक्चर शेवटी डायरेक्टरचं असतं. आम्ही नुसता कॅमेरा चालवतो."

पुन्याने ते आईला सांगितलं. तिने ऐकून घेतलं, पदर खोचला आणि फाटकाबाहेर जाऊन स्वतःच रिक्षाला हात केला.